थोरल्याचा दात

परिभाषा समितीच्या बैठकीत शब्दांपेक्षा बाकरवडी जास्त चघळली जाते, असं प्राध्यापक श्रीरंग भोकरे यांचं मत होतं, आणि ते मत त्यांनी बाकरवडी चघळतच बनवलं होतं. त्या दिवशी मात्र पुण्यातल्या त्या थंडगार खोलीत बशीला कुणी हात लावला नव्हता. टेबलावर एकच शब्द होता आणि सरकारला त्याची घाई होती. शब्द होता रॅसिमायझेशन.

"समहस्तीभवन," संस्कृतचे पुराणिक सर डोळे मिटून म्हणाले.

"सर, लोकांना वाटेल हत्तींचा काही सोहळा आहे," अनघा राजोपाध्ये म्हणाल्या. या समितीच्या सचिव. यांच्या सहीशिवाय कोशात स्वल्पविरामही शिरत नसे.

"लोकांनी त्यांचं आधीच ठरवलंय, मॅडम," श्रीरंगराव म्हणाले. "आमच्याकडं बाजारात सरळ विचारतात, काय पाव्हणं, दात किती फिरला?"

सगळे हसले. पुराणिक सर हसले नाहीत. त्यांचा स्वतःचा दात त्यांना सांगायला आवडेल त्यापेक्षा चार वर्षं जास्त फिरलेला निघाला होता.

गोष्ट तशी साधी आहे. शरीर प्रथिनांचं आणि प्रथिनं अमिनो आम्लांची. ही आम्लं हातमोज्यांसारखी दोन घडणींत असू शकतात, डावी आणि उजवी. दिसायला सारखी, पण एका हाताचा मोजा दुसऱ्या हातात जात नाही. जीवसृष्टीनं फार पूर्वी डाव्या घडणीचा हट्ट धरला आणि तो आजवर सोडलेला नाही. मात्र प्रथिन नुसतं पडून राहिलं की त्यातला एखादा डावा मोजा आपसूक उलटतो आणि उजवा होतो. यालाच रॅसिमायझेशन म्हणतात. एरवी हे जाणवत नाही, कारण शरीर जुनं मोडून नवं घडवत असतं. दात त्याला अपवाद. दाताच्या आतलं द्रव्य लहानपणी एकदा घडलं की घडलं, ते चितेपर्यंत तेच. तिथं वर्षाला हजारातला साधारण एक मोजा उलटतो. उलटलेले मोजे मोजले की वय हाताशी येतं.

पूर्वी यासाठी दात उपटून, कुटून आम्लात उकळावा लागे, त्यामुळे ही तपासणी बहुतेक मेलेल्यांच्याच वाट्याला यायची. मग कुणीतरी पेनाएवढं यंत्र काढलं. पुढच्या दातावर प्रकाशाचा ठिपका धरायचा, आतल्या डाव्या-उजव्या रेणूंनी तो कसा वळवला ते वाचायचं, झालं. जिवंत माणसाचं वय, फार तर सहा महिने इकडं-तिकडं.

सरकार या यंत्रावर भाळलं, कारण सरकारपुढं एक जूनचा प्रश्न होता. एका पिढीला आईबापांनी शाळेत नेऊन सोडलं, गुरुजींनी जन्मतारीख विचारली, आईबाप एकमेकांकडं बघत राहिले आणि गुरुजींनी आपल्या मनानं एक जून लिहून टाकलं. अशी गावंच्या गावं एकाच दिवशी जन्माला आली होती. ही पिढी आता साठीला टेकली होती आणि निवृत्ती, विमा, परवाने अशा सगळ्या ठिकाणी तिची खोटी तारीख आडवी येत होती. म्हणून वयनिश्चितीचा नियम झाला, आणि नियमात हा शब्द बसला. आता शब्दाला अर्थ हवा होता.

श्रीरंगरावांनी चौतीस वर्षं हा शब्द फळ्यावर लिहिला होता. विद्यार्थी तो परीक्षेपुरता पाठ करत आणि निकालाआधी विसरत. आपल्या शब्दाला असे दिवस आलेले बघून त्यांना एखाद्या दूरच्या भाच्याला मंत्रिपद मिळावं तसं वाटत होतं.

तेवढ्यात त्यांचा फोन थरथरला. कवठेवाडीहून सुलोचनावहिनी.

"भावजी, ह्यांचा दाताचा दाखला आला. सदुसष्ट निघालं."

"दादाचं? सदुसष्ट?"

"व्हय. आणि त्यासंगट दुसरा कागुद बी आलाय. दसऱ्यापासनं भट्टी बंद करा म्हणत्यात."

*

दिनकर भोकरे यांची चुरमुऱ्याची भट्टी कृष्णाकाठच्या त्या पट्ट्यात नावाजलेली. भडंगाला चुरमुरा दिनकरदादाच्याच हातचा पाहिजे असं दुकानदार म्हणत. पण नवा नियम होता की पासष्टीपुढच्या माणसानं उघड्या भट्टीसमोर बसायचं नाही, भोवळ येऊन माणसं आगीत पडतात म्हणून. नियम वाईट नव्हता. दादाला मुलगा नव्हता, लेक इचलकरंजीला दिलेली. परवाना त्याच्या नावाचा. तो उठला की भट्टी विझली.

श्रीरंगराव पोचले तेव्हा दादा दुःखात असेल असं त्यांना वाटलं होतं. दादा कट्ट्यावर दरबार भरवून बसला होता.

"ये रं रंगा! बस. ह्या तात्याला सांग समजावून. ह्याचा दात चौसष्टावरच अडकलाय!" दादाचे पुढचे दोन दात जन्माचे ओठाबाहेर, हसला की ते आधी हसत. "आजपातुर मला दिन्या म्हणत हुता. म्हटलं, आता दादा म्हण."

"यंत्र बिघडलं असंल," तात्या पाटील पुटपुटले.

"सरकारी यंत्र हाय. तुझ्या ट्रॅक्टरासारखं न्हाई."

मान हा मोठा मजेशीर जिन्नस आहे. ज्याच्याकडं तो भरपूर असतो त्याला आणखी थोडा मिळाला तर तो घराला आग लागलेलीसुद्धा थोडा वेळ विसरतो. दादाकडं मान भरपूर होता. भावकीत लग्न ठरलं की सुपारी त्याच्या हातून फुटे. खंडेनवमीला भट्टी थंड ठेवायची, सारवायची, झारे-चाळणी पुजायच्या आणि दसऱ्याला सकाळी घरच्या थोरल्यानं वर्षाची पहिली आग लावायची, ही भोकऱ्यांची रीत. ती आग वडील गेल्यापासून दादाच लावत आलेला. आणि श्रीरंग, कोल्हापुरात बंगला असलेला, नावापुढं डॉक्टर लावणारा श्रीरंग, दर दसऱ्याला सगळ्या गावादेखत वाकून त्याच्या पाया पडे. त्या नमस्कारानं गावात दादाची उंची वाढे आणि श्रीरंगरावांना झोप चांगली लागे. दोघांचं त्यात भागत होतं.

स्वयंपाकघरात वहिनींनी चहा ठेवला आणि आवाज खाली आणला. "कट्ट्यावर लै हसत्यात. पण दिसातनं चार डाव भट्टीपाशी जात्यात, झारा उचलत्यात, परत ठेवत्यात. काल मला म्हणले, सुले, मी दिसभर बसू कुठं?"

"कुठं म्हणजे?"

"तेच की. त्यांस्नी बसायला दुसरी जागाच ठाऊक न्हाई."

श्रीरंगराव चहा घेत घेत आकडा मनात फिरवत राहिले. ते स्वतः एकसष्ट वर्षांचे. हे नक्की, कारण आई सांगायची की ज्या वर्षी गावात वीज आली त्या वर्षीच्या नागपंचमीचा जन्म, आणि त्यांचा दातही एकसष्टच निघाला होता. दिनकर म्हणजे चुलत्याचा पोरगा. कृष्णेत नाव उलटून चुलता-चुलती एकदमच गेली आणि हे पोर या घरी आलं, तेव्हा श्रीरंग पाच वर्षांचा. दिनकरचं वय सांगायला कुणी उरलं नव्हतं. आईनं दोघांना परसात पाठीला पाठ लावून उभं केलं. श्रीरंग मुडदुशीनं खुरटलेला. दिनकर दोन बोटं उंच भरला. "हा थोरला," आई म्हणाली, आणि ते ठरलं. गुरुजींनीही दोघांना एक जूनच दिला, फक्त दिनकरला एक वर्ष आधीचा.

आता यंत्र म्हणत होतं सदुसष्ट. म्हणजे त्या दिवशी परसात उभा असलेला दिनकर अकरा वर्षांचा. अकरा वर्षांचा मुलगा पाच वर्षांच्या खुरटलेल्या पोरापेक्षा दोनच बोटं उंच?

चहा निवत गेला. श्रीरंगराव उठले आणि बाहेर येऊन दादाला म्हणाले, "दादा, उद्या माझ्याबरोबर तालुक्याला चल. दात परत दाखवू."

"कशाला? चांगला सदुसष्ट निघालाय की."

"भट्टी राहील कदाचित."

दादाचे दात ओठाआड गेले. "किती वाजता निघायचं?"

*

तालुक्याच्या वयनिश्चिती कक्षात डॉक्टर समीना मुजावर होत्या, श्रीरंगरावांच्या एके काळच्या विद्यार्थिनी. त्यांनी दादाच्या पुढच्या दातावर ठिपका धरला. सदुसष्ट. पुन्हा धरला. सदुसष्टच.

"समीना, दाढ बघता येईल? अगदी मागची."

"नियमात पुढचा दातच आहे, सर. तोंड जास्त उघडावं लागत नाही, काम झटपट होतं."

"नियमासाठी नाही. माझ्यासाठी बघ."

दादानं आ केला. पडद्यावर आकडा आला आणि समीनाबाईंनी तो पडदा अलगद श्रीरंगरावांकडं वळवला. साठ.

"दादा, बाहेर चहा चांगला मिळतो," श्रीरंगराव म्हणाले. "तू हो पुढं."

दादा गेल्यावर समीनाबाई म्हणाल्या, "एकाच तोंडात सात वर्षांचा फरक? असं कसं, सर?"

"तुझ्या घरी दही उन्हाळ्यात लवकर लागतं का थंडीत?"

"उन्हाळ्यात."

"हे तसंच आहे. मोजा उलटायला काळ लागतो, पण उष्णता असली की तो भराभर उलटतो. अंशा-दोन अंशांनीसुद्धा वेग वाढतो. आपण सगळे एका उबेत जगतो म्हणून ते घड्याळ वाटतं. खरं तर दात काळ मोजतच नाही. काळ आणि ऊब यांचा गुणाकार मोजतो." ते खिडकीकडं वळले. बाहेर दादा बशीत चहा ओतून फुंकर घालत होता. "तो माणूस अठ्ठेचाळीस वर्षं भट्टीच्या तोंडासमोर बसलाय. दात ओठाबाहेर. प्रत्येक घाण्याला झाऱ्यावरचा तापलेला चुरमुरा पुढच्या दातांनी फोडून बघणार, झाला का कच्चा आहे. त्याचे पुढचे दोन दात वेगळ्याच उन्हाळ्यात राहतात. दाढ गालाआड आहे, ती खरं बोलते."

"मग सोपं आहे की! वय साठ. भट्टी अजून पाच वर्षं चालेल. मी दाढेचा दाखला देते, तुम्ही हरकतीचा अर्ज करा." आणि मग त्यांच्या लक्षात आलं. "सर, तुमचं वय?"

"एकसष्ट."

समीनाबाईंनी यंत्राला टोपण लावलं. काही वेळा माणसाच्या हाताला काहीतरी काम लागतं.

परतीच्या वाटेवर दादा गाडीत बाहेर बघत बसला आणि श्रीरंगराव आयुष्यभराचा जमाखर्च नव्यानं मांडत राहिले. वडील गेले तेव्हा श्रीरंग तेरा वर्षांचा. घरात भट्टी एक आणि पोरं दोन. आई म्हणाली, एकानं भट्टी धरायची, एकानं शाळा. दिनकर म्हणाला, थोरला मी. त्यानं पाटी श्रीरंगाकडं दिली आणि झारा घेतला. सगळं गाव म्हणालं, चौदा वर्षांचं पोर पण समज किती. श्रीरंगरावांनी ही गोष्ट पुढं आपल्या प्रत्येक सत्कारात सांगितली. सांगताना त्यांचा आवाज दर वेळी नेमका त्याच जागी भरून येई.

चौदा नव्हतं. बारा वर्षांचं पोर होतं ते. आणि तेरा वर्षांचा घोडा त्याला दादा म्हणत शाळेत गेला होता.

त्यात आणखी एक काटा होता. गावात दुसऱ्या कुणाला ठाऊक नसेल, पण चार-पाच वर्षांच्या पोरांचं वय बायकांना दातांवरून, बोलण्यावरून अचूक कळतं. आईला खरंच कळलं नसेल? का आपल्या पोटच्या पोरापेक्षा पोरकं पोर थोरलं असणं सोयीचं होतं? ओझं थोरल्यावर पडतं, हे काय तिला माहीत नव्हतं?

*

त्यांनी दुसऱ्या दिवशी भट्टीवरच सांगितलं. आग मंद होती, कढईतली रेती उसासे टाकत होती. वहिनी तांदूळ निवडत बसल्या होत्या. सांगून झाल्यावर वहिनींनाच आधी राहवलं नाही.

"म्हंजे तुम्ही माझं थोरलं दीर? आता डोईवर पदर घ्यायचा व्हय मी तुमच्यापुढं? आणि इतक्या वर्सांत माझ्या पाया पडलासा, त्ये फेडायचं कसं?"

"वहिनी, चेष्टा नको."

"चेष्टा न्हाई. पर भट्टी ऱ्हातीया न्हवं? मग झालं. साठ तर साठ."

दादानं झारा रेतीत उभा रोवला. "कागुद फाड."

"काय?"

"दाढंचा कागुद फाड म्हणतोय. सदुसष्ट हाय त्ये असू दे."

"दादा, भट्टी बंद होईल."

"हुईना. कुणाची राहिलीया?" त्याचा आवाज चढला नाही, त्यामुळं ऐकायला अधिक जड गेला. "रंगा, तुझ्यापाशी लै कायबाय हाय. शिकलास, परदेशी जाऊन आलास, पोरं तुझं नाव घेत्यात. माझ्यापाशी भट्टी हाय आणि दादा हाय. भट्टी आज न्हाई उद्या जायाचीच. दादा कशाला नेतोस?"

श्रीरंगरावांनी हातातल्या कागदाकडं बघितलं. मनाच्या एका कोपऱ्यात, खरं सांगायचं तर, त्यांना हलकंच वाटलं. कागद फाडायचा, दादानंच सांगितलं म्हणून फाडायचा. थोरला थोरला राहील, धाकटा धाकटा. धाकटेपण किती मऊ असतं हे ते छप्पन्न वर्षं अनुभवत आले होते.

त्यांनी कागद फाडला नाही. घडी घालून खिशात ठेवला आणि काही न ठरवता पुण्याची गाडी पकडली, कारण समितीच्या पुढच्या बैठकीची तारीख आली होती.

*

अनघाबाईंनी मसुदा वाचला. "समहस्तीभवन, नाम. शरीरातील न बदलणाऱ्या प्रथिनांमधील डाव्या घडणीच्या अमिनो आम्लांचे काळानुसार उजव्या घडणीत होणारे रूपांतर. छान आहे, सुटसुटीत आहे. मंजूर?"

"काळ आणि उष्णता यांनुसार," श्रीरंगराव म्हणाले.

"भोकरे सर, मागच्या वेळी तुम्हीच 'काळानुसार' लिहून दिलं होतं."

"सोपं व्हावं म्हणून. ते अर्धं आहे."

"अर्धं असू दे ना. उष्णता घातली की उद्या प्रत्येक आचारी, प्रत्येक लोहार, वीटभट्टीवरची प्रत्येक बाई उठेल आणि म्हणेल, माझा दात खोटा. मग दाढा तपासा, फेरतपासण्या करा. शब्दाचा अर्थ लोकांना वापरता यावा असा हवा, सर. सगळे जण तो वय मोजायलाच वापरतात."

त्यांचं म्हणणं उडवून लावण्यासारखं नव्हतं. कोश वापरासाठीच असतो. श्रीरंगरावांनी बशीतली एक बाकरवडी उचलली, तिच्याकडं बघितलं, परत ठेवली.

एक शब्द गाळला की दादा दादाच राहणार होता, आणि त्याचा दिवसभर बसायचा प्रश्न दसऱ्याला सुरू होणार होता. तो शब्द ठेवला की नियमाला दाढ बघावी लागणार, आणि दादाचं साठपण फाडून टाकता येईल अशा कागदावर न राहता सरकारी नोंदीत कायमचं बसणार होतं. पण त्यांच्या डोळ्यांपुढं दादासुद्धा नव्हता. दिसत होती ती दुसरीच माणसं, वीटभट्टीवरच्या त्या बाया, ज्यांचे दात विटांबरोबर भाजून निघाले आणि आता तेच दात पुढं करून त्यांना सांगितलं जाणार होतं की तुम्ही म्हाताऱ्या झालात, घरी जा. जिथं सगळ्यात जास्त सोसलं तिथलाच पुरावा त्यांच्याविरुद्ध. आणि हे सगळं त्यांनी सोयीसाठी गाळलेल्या एका शब्दावर उभं राहणार.

"मॅडम, वेळ आणि आच, दोन्हींची खूण दातात राहते," ते म्हणाले. "आपण फक्त वेळ लिहिली तर आच ज्यांनी सोसली त्यांची ती वेळेच्या खात्यावर पडते. हे शास्त्रात चूक आहे. बाकीचं मी बोलत नाही."

पुराणिक सरांनी डोळे उघडले. "कोशात वापराचं उदाहरण असतं. ते काय देणार?"

श्रीरंगरावांनी पेन काढलं आणि लिहिलं: भट्टीसमोर बसणाऱ्याच्या पुढच्या दातातील समहस्तीभवन त्याच्या दाढेच्या पुढे गेलेले असते.

पुराणिक सरांनी ते दोनदा वाचलं, आपल्या पुढच्या दातावरून जीभ फिरवली आणि म्हणाले, "मी सकाळचा चहा उकळता घेतो, भोकरे. त्यानं चार वर्षं पडतील का हो?"

"तेवढ्यानं नाही, सर."

"असो. तरी माझं मत उष्णतेला."

*

नियमात दाढ आली, भट्टीवाल्यांच्या फेरतपासण्या झाल्या. दादाच्या नावानं नवा परवाना आला, पाच वर्षांचा. दादाचा फोन मात्र आला नाही. श्रीरंगरावांनी केला तर वहिनी उचलत आणि म्हणत, "भट्टीवर हाईत." पलीकडून दादाचा खाकरल्याचा आवाज अगदी जवळून येई.

दसऱ्याच्या सकाळी ते कवठेवाडीत उतरले. भावकी जमली होती. भट्टी सारवून, रांगोळी घालून गार पडली होती. तात्या पाटील सगळ्यांत पुढं, कारण दादा साठीचा निघाल्याचं सुख त्यांना अजून पुरून उरलं होतं. श्रीरंगराव सवयीनं दादापुढं वाकायला गेले आणि अर्ध्यावर थांबले. वाकावं की नाही, हे त्यांना एकदम कळेना. एकसष्ट वर्षांचा प्राध्यापक कमरेत अडकल्यासारखा उभा राहिला. कुणीतरी फिसकन हसलं.

दादानं खिशातून काडेपेटी काढली आणि त्यांच्या पुढ्यात धरली.

"घे. थोरल्यानं पेटवायची."

"दादा..."

"घे म्हणतोय न्हवं. रीत हाय."

श्रीरंगरावांनी घेतली. पहिली काडी मोडली. दुसरी विझली. तिसरीनं तूस पेटलं खरं, पण आगीऐवजी धूरच उठला आणि तात्या खोकत मागं सरले. दादा त्यांच्याशेजारी उकिडवा बसला, हात न लावता.

"खालनं हवा जाऊ दे. दाबू नगं. हां, आता फुंक."

जाळ धरला. लोक पांगले, आपट्याचं सोनं वाटायला गेले. दोघं भट्टीपुढं तसेच बसून राहिले. मग श्रीरंगरावांनी इतके दिवस तोंडात धरलेलं विचारून टाकलं.

"दादा, आईला कळलं असेल का रे? त्या दिवशी परसात?"

दादा जाळाकडं बघत होता. "काकीला? मला त्यो दिवस ध्यानात हाय. दुसरं कायबी न्हाई, तेवढाच. नवं घर, सगळी बघत हुती. मला वाटलं, मोठा भरलो तर ठेवून घेतील. बारकं पोर काय कामाचं, म्हणून घालवतील." त्यानं पायाकडं बोट केलं. "मी टाचा उचलल्या हुत्या."

"काय सांगतोस!"

"अशा. बोटावं उभा."

"आणि आईनं बघितलं नाही?"

"बघितलं की. पायाकडं बघितलं, माझ्या तोंडाकडं बघितलं आणि हसली. मग म्हणाली, हा थोरला." दादानं एक लाकूड आत सरकवलं. "आता का हसली, त्ये तिलाच ठाऊक. मी लै डाव इचार केला, रंगा. एका वर्साला येक वाटतं, दुसऱ्या वर्साला दुसरं."

श्रीरंगरावांना वाटलं होतं की उत्तर मिळालं की काटा निघेल. काटा निघाला नाही; फक्त तो आता दोघांमध्ये वाटून घेता येण्यासारखा झाला.

"मग तुला दादा म्हणायचं का नाही?" त्यांनी विचारलं.

"म्हण की. कानाला सवय हाय. नाव माझ्याकडं ठेव, काम तू घे." दादाचे दात त्या दिवशी पहिल्यांदा ओठाबाहेर आले. "रिटायर झालायस. कोल्हापुरात एकटा बसून काय करतोस? आठवड्यातनं चार दिस यायचं. पाच वर्सांत परवाना सपतोय, तवर तुला चुरमुरा आला पायजे."

"अरे, मी तर आधीच पासष्टी गाठीन!"

"तुझं पुढचं दात बघायचं न्हाईत, दाढ बघायची. तूच लिवलंयस."

"दाढसुद्धा एकसष्टच आहे, दादा."

"मग चार वर्सं हाईत. लै झाली."

दारातून वहिनींनी डोईवर पदर ओढून, मान खाली घालून, नव्या सुनेच्या आवाजात विचारलं, "थोरल्या दिरांस्नी च्या इथंच आणू का आत येतासा?"

"इथंच आण," दादा म्हणाला. "उठायचं न्हाई आता त्यांनी."

रेती तापली. तांदूळ पडले, तडतडले, फुलले. दादानं झारा श्रीरंगरावांच्या हातात दिला. त्यांनी तो दोन्ही हातांनी, प्रयोगशाळेत चंचुपात्र धरावं तसा धरला. पांढरे चुरमुरे झाऱ्यावर नाचत होते.

"एक टाक तोंडात. जिभंवर न्हाई, पुढच्या दातानं फोड."

फोडला. डोळ्यांत टचकन पाणी आलं.

"झालाय का कच्चा हाय?"

श्रीरंगरावांनी खूप विचार केला. "कळत नाही."

"कळंल. आणखी एक घे."

त्यांनी दुसरा उचलला, ओठ मागं ओढले, आणि पुढचे दोन दात उघडे ठेवून भट्टीकडं तोंड केलं.